कानात एक, तोंडात दुसरं: लाइव्ह बुलेटिनचा ताण

प्रश्न: ताई, मी इंदूरची, सुदामानगरात राहते, घरी मराठी. देवी अहिल्या विद्यापीठातून पत्रकारितेचं शिक्षण झालं आणि एका प्रादेशिक हिंदी वृत्तवाहिनीत अँकर ट्रेनी म्हणून निवड झाली. मॉक बुलेटिनमध्ये कानात सूचना सुरू झाल्या आणि मी चार-पाच सेकंद पूर्ण गप्प झाले. हात गार पडले. आई म्हणते, बँकेच्या परीक्षा दे. हे सवयीनं जातं, की काहींना जमतच नाही?

उत्तर:

तू गप्प झालीस त्या चार-पाच सेकंदांपासूनच सुरुवात करते. मी बावीस वर्षं स्टुडिओमागच्या कंट्रोल रूममध्ये, पॅनेलवर बसते आहे. म्हणजे अँकरच्या कानात जो आवाज येतो, तो माझ्यासारख्यांचा. पहिल्या मॉकमध्ये ज्यांची बोबडी वळली नाही असे अँकर मी फार थोडे पाहिले. आणि खरं सांगायचं तर गप्प झालेल्या अँकरची मला भीती वाटत नाही. तिला मी दोन शब्दांत रुळावर आणू शकते. भीती वाटते ती, काही माहीत नसताना बोलत सुटणाऱ्याची.

आधी त्या सेकंदांत झालं काय ते बघ. तू प्रॉम्प्टरवरून वाचत होतीस, तोंडातलं वाक्य अर्ध्यावर होतं आणि कानात दुसरं वाक्य आलं. गाणं ऐकत भाजी चिरता येते. एक वाक्य बोलताना दुसरं समजून घ्यायचं म्हटलं की दोन्ही कामं भाषेचीच, दोन्ही एकाच दारात अडकतात. हे सगळ्यांचंच होतं. सरावलेला अँकर कानातलं सगळं ऐकत नाही, त्यातले कामाचे दोन शब्द उचलतो आणि बाकी सोडून देतो. हा सरावच आहे, त्याला जन्मजात देणगी लागत नाही.

आणि यात निम्मी जबाबदारी पॅनेलची असते, हे तुला कुणी सांगितलं नसेल. मी सूचना देते ती अशी: 'फोनो रेडी. कलेक्टर.' म्हणजे कलेक्टर फोनवर बोलायला तयार आहेत. मग गप्प. तीसुद्धा अँकरचं वाक्य संपताना, श्वास घ्यायच्या जागी. घाबरलेला पॅनेल प्रोड्यूसर मात्र पूर्ण कहाणी सांगतो, की रिपोर्टर अजून जोडला गेलेला नाही, तोवर मागच्या बातमीवर बोल, नाही तर आपण ब्रेक घेऊ, थांब, नको घेऊ. त्याची घाबरगुंडी सरळ अँकरच्या चेहऱ्यावर उतरते. तुझ्या मॉकमध्ये कानात नेमकं काय बोललं गेलं, ते आठवून लिहून काढ. मला शंका आहे की तिथे दोन शब्दांच्या जागी वीस होते.

घरी हे कर. सकाळचं वर्तमानपत्र मोठ्यानं वाचत बस, एका कानात इयरफोन, आणि दुसऱ्या खोलीतून आईला फोनवर दर अर्ध्या मिनिटाला एक-दोन शब्द बोलायला सांग. एखादी भाजी, कुणाचं नाव, किती वाजले. वाचन थांबवायचं नाही, आणि परिच्छेद संपला की ते शब्द ओळीनं सांगायचे. पहिल्या दिवशी तीन मिनिटांत घाम फुटेल. तीनेक आठवडे रोज केलंस तर फरक तुझा तुलाच कळेल, माझ्या हाताखालच्या बऱ्याच मुलामुलींचा तो अनुभव आहे. आईलाच यात घे म्हणते त्याला कारण आहे, त्याच्याकडे नंतर येते.

कानाचा आणखी एक प्रकार आहे. तो तुला स्टुडिओत नाही, मैदानात भेटेल. रंगपंचमीच्या गेरचं, म्हणजे आपल्या इंदूरच्या रंगांच्या मिरवणुकीचं लाइव्ह घे. राजवाड्यासमोर पाय ठेवायला जागा नसते, वरून गुलालाचे फवारे, टँकरमधून रंगीत पाणी, इयरपीसवर प्लास्टिक गुंडाळलेलं. सिग्नल जातो बॅकपॅकमधून, म्हणजे मोबाइलच्या अनेक सिमकार्डांवरून तुकड्यातुकड्यांनी. त्या गर्दीत सगळ्यांचेच मोबाइल चालू असल्यानं नेटवर्क दबतं आणि उशीर सेकंदांवर जातो. उपग्रहाकडे सिग्नल पाठवणारी ओबी व्हॅन असली तरी तो उपग्रह ३६,००० किलोमीटर उंचीवर, वर जाऊन खाली यायलाच पाव सेकंद. अशा वेळी साउंडवाल्यानं रिपोर्टरच्या कानात जाणाऱ्या आवाजातून त्याचा स्वतःचा आवाज वगळायचा असतो. त्याला आम्ही मिक्स-मायनस म्हणतो. ते राहून गेलं, की रिपोर्टरला आपलंच बोलणं जरा उशिरानं कानात परत ऐकू येतं, आणि चांगला बोलणारा माणूस अडखळायला लागतो, शब्द ओढतो, प्यायल्यासारखा वाटतो. हा उशीर सेकंदाच्या पाचव्या हिश्शाएवढा असला तर बोलणं सर्वांत जास्त बिघडतं. गेरच्या लाइव्हमध्येच एक तरणाबांड रिपोर्टर असा अडखळताना मी पाहिला. बुलेटिननंतर सगळे त्यालाच बोलले. बिचारा स्वतःलाच दोष देत घरी गेला. चूक आमच्या खोलीतली होती, आणि मी ती दुसऱ्या दिवशी सगळ्यांसमोर सांगितली. तुझ्यावर अशी वेळ आली तर लाज न बाळगता इयरपीस कानातून अर्धा बाहेर काढ, वाक्य संपव आणि मग सांग, 'माझा आवाज परत येतोय.'

आता मुख्य गोष्ट. कॅमेऱ्याची, लाइट्सची भीती महिन्याभरात जाते. लाखो लोक बघतायत ही भीतीही जाते, कारण स्टुडिओत लाखो लोक नसतात. तीन कॅमेरे असतात आणि एसीची थंडी. जात नाही ती रिकाम्या सेकंदाची भीती. पडद्यावर काही चाललेलं नाही, नवीन काही कळलेलं नाही, आणि तरी बोलायचं आहे. लाइव्हमध्ये माणूस चुकतो तो बहुतेक याच जागी. तोंड उघडं ठेवायचं म्हणून त्यात काहीतरी भरलं जातं.

इंदूरच्या जुन्या माणसांना २५ डिसेंबर १९९७ विचार. नेहरू स्टेडियमवर भारत-श्रीलंका एकदिवसीय सामना, पिच इतकं धोकादायक निघालं की ३ षटकांत सामना थांबवला आणि मग रद्दच केला. मी तेव्हा कॉलेजात होते, घरी सगळे टीव्हीसमोर. दिवसभराच्या खेळाची तयारी करून बसलेली माणसं, आणि खेळ मात्र अर्ध्या तासात आटोपलेला. पुढे या धंद्यात आल्यावर मी कितीदा त्या दिवसाचा विचार केला. क्रिकेटमध्ये निदान पिच दाखवता येतं, जुन्या खेळाडूंना बोलतं करता येतं. बातमीत मागे एक जळणारी इमारत असते आणि आत किती जण आहेत ते कुणालाच माहीत नसतं.

माझी गोष्ट सांगते. मी नवी होते, दुसऱ्या वाहिनीत. महामार्गावर बस उलटली होती. स्ट्रिंगरनं, म्हणजे तिथल्या अर्धवेळ वार्ताहरानं, रुग्णालयातून फोनवर मृतांची तीन नावं सांगितली, आणि मी ती पडद्याखालच्या पट्टीवर सोडायला सांगितली. कुणाला विचारलं नाही. शेजारच्या वाहिन्या समोरच्या भिंतीवर दिसत असतात, त्यांच्याकडे नावं नव्हती, आपल्याकडे होती, एवढंच डोक्यात. दहा मिनिटांनी असाइनमेंट डेस्कचा फोन वाजला. डेस्कवर कुणी नव्हतं म्हणून मी उचलला. एक बाई मराठीत बोलत होत्या. बहुधा घाबरल्यामुळे, समोरच्याला मराठी येतं की नाही हा विचारच त्यांच्या मनात आला नसावा. आवाज अगदी शांत. म्हणाल्या, 'तुम्ही आत्ता खाली जे दुसरं नाव दाखवलं, ते कुठल्या गावचं आहे हो?' मी गाव विचारलंच नव्हतं. मला सांगता आलं नाही. त्या म्हणाल्या, 'नाही, आमच्याकडेही याच नावाचे आहेत, सकाळी निघालेत, फोन लागत नाहीये.' मी पट्टी काढायला लावली. पुढे ते त्यांचेच निघाले.

नाव बरोबर होतं. चूक नावात नव्हतीच. त्या घराला ते कळायची एक रीत असते, कुणीतरी दारात जातं, शेजारच्या काकू आधी आत जाऊन बसतात, पाण्याचा तांब्या भरलेला असतो. ती रीत मी त्यांच्याकडून हिसकावून घेतली, आणि कशासाठी, तर पट्टी दहा मिनिटं रिकामी जाऊ नये म्हणून. वीस वर्षं होत आली, पण ते 'कुठल्या गावचं आहे हो' माझ्या कानात तसंच आहे.

तेव्हापासून मी एक कागद ठेवते, आणि माझ्या अँकरांनाही ठेवायला लावते. साधा आडवा कागद, मधून रेघ. डावीकडे जे कळलं ते, आणि प्रत्येकापुढे कोणी सांगितलं. उजवीकडे जे अजून कळलेलं नाही ते. घटनास्थळाहून येणारं फीड तुटलं, फोनो लागला नाही, प्रॉम्प्टर अडकला, की डावी बाजू पुन्हा सांगायची आणि मग उजवी बाजूसुद्धा सांगायची: आत किती जण होते ते प्रशासनानं सांगितलेलं नाही, आग कशानं लागली ते स्पष्ट नाही. नवे लोक उजवी बाजू बोलायला घाबरतात, त्यांना वाटतं आपण कच्चे दिसू. उलट आहे. नुकताच टीव्ही लावलेल्या माणसाला तीच सर्वांत उपयोगी पडते, आणि तुझी दीड-दोन मिनिटं खोटं काही न बोलता निघून जातात.

३० मार्च २०२३ ची रामनवमी तुला आठवत असेल. इंदूरच्या बेलेश्वर महादेव मंदिरात हवन चालू असताना बावडीवरचं, म्हणजे जुन्या पायऱ्यांच्या विहिरीवरचं छत खचलं आणि माणसं खाली पाण्यात गेली. रात्रभर शोध चालला, एनडीआरएफ आली, लष्कर आलं, आणि मृतांचा आकडा वाढत वाढत ३६ वर गेला. अशा दिवशी पॅनेलवर एकच प्रश्न चारही बाजूंनी येतो: किती? रिपोर्टर स्वतः स्ट्रेचर मोजत असतो, रुग्णालयातला कुणी वेगळा आकडा सांगतो, शेजारची वाहिनी तिसराच चालवते. आकडा चढवून मग उतरवावा लागला, तर त्या उतरवण्यात कुणाच्या घरी खोटी आशा जाते आणि कुणाच्या घरी पुन्हा अंधार. म्हणून माझा हट्ट असतो, आकडा अधिकाऱ्याच्या तोंडचा, आणि पडद्यावर त्याच्या नावासकट. मागे राहिलो तर राहिलो. आणि त्या दिवशी हे आपलं गाव होतं. कंट्रोल रूममध्ये बसलेल्या प्रत्येकाचं कुणी ना कुणी त्या भागात राहत होतं, आणि मॉनिटरकडे बघतानाच एका हातानं फोन लावले जात होते. बाहेरच्यांना वाटतं आम्हाला काही होत नाही. कच्चं फुटेज एडिटिंगला जाण्याआधी ज्यांना बघावं लागतं, त्या मुलांना रात्री झोप लागत नाही. अशा शिफ्टनंतर एकटीनं घरी जायचं नाही, अर्धा तास कुणाबरोबर तरी बसायचं, आणि मोबाइलवर तेच व्हिडिओ पुन्हा बघायचे नाहीत. आठवडा-पंधरा दिवस झाले तरी झोप जागेवर आली नाही, तर सरळ डॉक्टरकडे जायचं.

टीआरपीचा ताण असतो का, असं सगळे विचारतात. असतो. आकडे दर गुरुवारी येतात आणि शुक्रवारची मीटिंग त्यावर होते. पण ऑक्टोबर २०२० ते मार्च २०२२ बातम्यांच्या वाहिन्यांचे रेटिंग बंदच होते, आणि त्या काळातही आमच्या खोलीतली घाई कमी झाली नाही. घाई त्या समोरच्या भिंतीमुळे होते, जिथे दहा शेजारी दिसत असतात. म्हणून आणीबाणीच्या बातमीला मी शेजाऱ्यांचे दोनच मॉनिटर चालू ठेवते.

कायद्याचं थोडक्यात, पण पाठ कर, कारण लाइव्हमध्ये पुस्तक उघडायला वेळ नसतो. दहशतवादविरोधी कारवाई चालू असताना तिचं थेट प्रक्षेपण करता येत नाही, नेमलेला अधिकारी अधूनमधून माहिती देतो तेवढीच. मुंबईच्या २००८ च्या हल्ल्यात वाहिन्यांनी जे दाखवलं त्यावर सर्वोच्च न्यायालयानं २०१२ च्या निकालात कडक शब्दांत ताशेरे ओढले, आणि २०१५ मध्ये हा नियम केबल टीव्हीच्या नियमांत आला. बलात्कारपीडितेची ओळख उघड करणं भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ खाली गुन्हा, मूल असेल तर पॉक्सोचं, म्हणजे बाल लैंगिक अत्याचारविरोधी कायद्याचं कलम २३. यातली खरी अडचण अशी, की नाव तू घेत नाहीस, समोरचा नातेवाईक रडता रडता घेतो. तेव्हा तू लगेच मध्ये बोलायचंस, 'आम्ही नाव घेणार नाही', आणि आवाज कापायचं काम पॅनेलचं. ही खूण आधी ठरवून ठेव.

तुझ्या-माझ्यासारख्यांचा एक जास्तीचा ताण असतो, तो भोपाळ-दिल्लीच्या लोकांना समजत नाही. आपण मराठीत विचार करतो आणि बोलतो हिंदीत. एरवी आपली हिंदी इथल्या कुणाहीइतकीच चांगली, पण ताण आला की मातृभाषा वर येते, आणि ती लिंगात दिसते. बातमीतले रोजचे शब्द घे: मृत्यू, पोलीस, आवाज, विजय. आपल्याकडे मृत्यू झाला, पोलीस आला, आवाज आला, विजय झाला. हिंदीत चारही स्त्रीलिंगी. शांतपणे बोलताना चूक होत नाही, पण ब्रेकिंगच्या तिसऱ्या मिनिटाला 'मृत्यु हो गया' तोंडून निघतं आणि मग ते डोक्यात टोचत राहतं, त्या टोचणीत पुढची चूक होते. असे पंचवीस-तीस शब्द काढून आख्ख्या वाक्यासकट घोकून ठेव. आकड्यांचंही तेच. उनसठ आणि उनहत्तर, आणि सगळ्यात वाईट नवासी. नवासी ऐकलं की मराठी डोकं नव्वदच्या पुढे धावतं, आणि तो असतो एकोणनव्वद. मी अजूनही मोठा आकडा आधी कागदावर लिहिते, मग बोलते.

आकड्यांवरून ११ डिसेंबर २०१८ आठवला. मध्य प्रदेश विधानसभेची मतमोजणी, सकाळी ८ ला टपाली मतं सुरू, आणि चित्र स्पष्ट व्हायला दुसरा दिवस उजाडला. २३० जागा, बहुमताला ११६ हव्यात, काँग्रेस ११४ आणि भाजप १०९. रात्रभर आघाड्या वर-खाली होत होत्या. अशा दिवशी शरीर कामाला येतं, आणि शरीराची काळजी कुणी शिकवत नाही. आम्ही अँकर दर दोन तासांनी बदलले. ज्यांनी भावनेच्या भरात 'मी बसतो अजून' म्हटलं, ते पहाटे 'आघाडी' आणि 'विजय' यांत गोंधळ करू लागले, आणि मोजणीच्या दिवशी त्याहून मोठा गोंधळ नाही. पाणी घोट घोट प्यायचं, एकदम ग्लासभर नाही. चहा-कॉफी दोनच कप, नाहीतर हात आणखी थरथरतात. भरपेट पोहे-जलेबी बुलेटिननंतर. हात गार पडतात म्हणालीस, तर ऑन एअरच्या आधी मिनिटभर श्वास आत घेण्यापेक्षा बाहेर सोडायला जास्त वेळ दे, चार मोजत आत, सहा-सात मोजत बाहेर. हात टेबलावर ठेव, पेन धर. पेन धरलेला हात कापताना दिसत नाही, आणि पाहुण्याचं नाव लिहूनही होतं.

आता आईचं. ती घाबरते आहे ती पहाटेच्या शिफ्टला, साडेतीनला दारात येणाऱ्या गाडीला, आणि मॉकच्या दिवशी तू ज्या चेहऱ्यानं घरी आलीस त्याला. तिचं चुकत नाही. गाडी नक्की मिळणार का, रात्री मुलीला शेवटी सोडणार की आधी, आठवड्याची सुट्टी ठरलेली आहे का, हे सगळं रुजू होण्याआधी लेखी घे. मला ते मागायचं सुचलं नव्हतं आणि मी त्याची किंमत मोजली. पण ते दोन शब्दांचे सराव तिच्याबरोबर कर. पंधरा दिवसांत तिला कळेल की हे काम म्हणजे मुलीला ओरडून घेणं नव्हे, यात एक विद्या आहे आणि मुलगी ती शिकते आहे. माझ्या आईनं मला रामबागेतल्या घरात पाढे म्हणत म्हणत प्रश्न विचारून असंच तयार केलं होतं, तेव्हा तिलाही माहीत नव्हतं ती कशाची तयारी करून घेते आहे.

काहींना जमतच नाही का, याचंही खरं उत्तर देते. काहींना नाही जमत. सहा महिने नीट सराव करूनही दर बुलेटिनआधी उलटी होत असेल, रविवारी संध्याकाळी सोमवारच्या विचारानं जेवण जात नसेल, तर स्क्रीन सोडून डेस्कवर जायचं. त्यात कमीपणा नाही, माझी सर्वांत चांगली रनडाउन प्रोड्यूसर, म्हणजे बुलेटिनमधल्या बातम्यांचा क्रम लावणारी, अशीच तिकडे गेली आणि आज तिच्याशिवाय संध्याकाळचा तास उभा राहत नाही. पण एका मॉकमधल्या चार-पाच सेकंदांवरून हे ठरत नाही.

पुढच्या मॉकच्या आधी एक विनंती कर, कुणी नाही म्हणणार नाही. चालू बुलेटिनच्या वेळी पीसीआरमध्ये, म्हणजे त्या कंट्रोल रूममध्ये, पूर्ण अर्धा तास पॅनेल प्रोड्यूसरच्या खुर्चीमागे उभी राहा. अँकरकडे बघू नकोस. टॉकबॅकचं, म्हणजे अँकरच्या कानात बोलायचं बटण दाबणाऱ्या बोटाकडे बघ, ते किती वेळा दाबतं आणि किती वेळा दाबता दाबता थांबतं. मग बुलेटिन संपल्यावर त्या माणसाला सांग, 'मला सूचना दोन शब्दांत लागतात, वाक्य संपल्यावर.'